कॉनिस्टनला राहिलेल्या मुलीस

वर्धा,
२५ नोव्हेंबर २०२५

चि. मुक्ता हीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

रविवारी फोनवर तू दोन गोष्टी सांगितल्यास. उमेदवारी संपून तुला तिथल्या दगडी भिंती रचण्याच्या कामावर कायम करून घेतले, ही पहिली. आणि हल्ली कामावर जाण्यापूर्वी तू सकाळी तळ्यात पोहतेस, तेही बहुतेक वेळा एकटीच, ही दुसरी, जी तू फोन ठेवता ठेवता अगदी सहज सांगितलीस. पहिल्या बातमीचा आनंद तोंडातून बाहेर पडण्यापूर्वीच दुसरीने माझा आवाज चढला. तू म्हणालीस, "बाबा, मी काही लहान नाही," आणि मग आपण दोघेही गप्प झालो, तेव्हा आईने माझ्या हातून फोन घेतला. फोनवर माझी वाक्ये नेहमी अर्धी राहतात आणि अर्ध्या वाक्यांचा अर्थ भलताच लागतो, म्हणून हे पत्र लिहायला बसलो आहे. पोहण्याविषयी यात अवाक्षर काढणार नाही, असे आईला कबूल केले आहे. इंग्लंडातले कॉनिस्टन हे जे तळ्याकाठचे गाव तू राहण्यासाठी निवडलेस त्याविषयी लिहायचे आहे, कारण ते गाव मलाही आवडले आहे आणि तुला ते कधी नीट सांगायचे राहून गेले.

जूनमध्ये आम्ही आलो तेव्हा तू आम्हाला गोंडोला बोटीतून पलीकडच्या काठाला घेऊन गेली होतीस. मूळची ती वाफेची बोट १८५९ सालची. पुढे ती मोडकळीला आल्यावर नॅशनल ट्रस्ट या तिकडचा वारसा जपणाऱ्या संस्थेने १९८० साली तिला नव्याने बांधून पाण्यात सोडले, हे तूच सांगितलेस. आई काठावरच्या झाडांचे फोटो काढत होती आणि मी मागे वळून गाव पाहत होतो. पाण्यालगत थोडी हिरवी सपाटी, तिच्यामागे चर्चचा बुटका मनोरा आणि करड्या पाटीच्या दगडाच्या (स्लेटच्या) छपरांची घरे, त्यांच्या डोक्यावर ओल्ड मॅनचा डोंगर. आठशे मीटरच्या त्या डोंगराला कळसूबाई पाहिलेला माणूस टेकडी म्हणेल, पण तो जवळजवळ पाण्याच्या पातळीपासूनच उठत असल्यामुळे डोळ्यांना फार उंच वाटतो. त्याच्या अंगावर दगडांच्या राशी दिसत होत्या. मला वाटले, दरडी कोसळल्या असाव्यात. तू म्हणालीस, दरडी नाहीत, खाणींचा टाकाऊ दगड आहे तो, पाटीचा आणि तांब्याचा.

तेव्हापासून त्या डोंगराकडे पाहण्याची माझी दृष्टी बदलली. परदेशी निसर्गाची चित्रे पाहत आपण वाढलो, त्यामुळे असा तळ्याकाठचा देखावा देवाने एकट्याने घडवला असेल असे आपण धरून चालतो. वास्तविक १५६० च्या दशकात राणी एलिझाबेथच्या काळात उत्तरेकडच्या केझिकला जर्मन खाणकामगार आणले गेले आणि सोळाशेच्या सुमारास ते तुझ्या गावामागच्या दरीतही तांबे काढू लागले. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला तिथे शेकडो माणसे, बायका आणि पोरे राबत होती. पोरे आणि बायका धातूचा दगड फोडून निवडत. रेल्वे येण्यापूर्वी तो माल होड्यांत भरून तळ्याच्या दक्षिण टोकाला नेत. त्याच मालासाठी १८५९ साली रेल्वे आली, आणि खाणी बसल्यावर, प्रवासी मोटारीने येऊ लागल्यावर, ती १९५८ साली प्रवाशांसाठी आणि १९६२ साली मालासाठीही बंद झाली. खाणीवरून आलेला मजूर संध्याकाळी ज्या पुलावरून गावात उतरे त्या पुलावर तू आम्हाला उभे केलेस. खाली ओढा पांढरा होऊन धावत होता. त्या पुलाचा कठडा मला फार बुटका वाटला होता, हे तेव्हा बोललो नाही, आता लिहितो.

हे तळे सुमारे आठ किलोमीटर लांब आणि जेमतेम आठशे मीटर रुंद, म्हणजे या काठावरून हाक मारली तर शांत दिवशी त्या काठाला ऐकू जावी असे वाटते. म्हणूनच ते फसवे आहे. हिमयुगातल्या हिमनदीने ती दरी खरवडून काढली, त्यामुळे त्याचा तळ उतरत उतरत छप्पन्न मीटरपर्यंत जातो. खाली थंड अंधारात आर्क्टिक चार नावाचा मासा अजून टिकून आहे, जो हिमयुगानंतर तिथेच अडकून राहिला. मासा टिकला, कारण त्याला ती थंडी मानवते. माणसाला मानवत नाही. असो, हे लिहिणार नव्हतो.

आपल्या घराला कॉनिस्टन हे नाव तुझ्यामुळे कळले असे तू समजतेस, पण ते आमच्या घरात तुझ्या जन्माआधीपासून होते. तुझी आजी पवनारला विनोबांच्या आश्रमात जाऊन येऊन असे, हे तुला ठाऊक आहे. ती रोज पहाटे चरख्यावर बसे, आणि सूत निघत असताना आम्हा भावंडांना एकच गोष्ट वारंवार सांगे. १९०४ साली गांधीजी जोहान्सबर्गहून डर्बनला निघाले असताना त्यांचे मित्र हेन्री पोलक यांनी स्टेशनवर त्यांच्या हातात एक पुस्तक ठेवले, जॉन रस्किन या इंग्रज लेखकाचे 'अन्टू धिस लास्ट'. चोवीस तासांच्या त्या प्रवासात त्यांना झोप आली नाही, आणि उतरेपर्यंत त्यांनी आयुष्य बदलायचे ठरवले होते. डर्बनजवळची फिनिक्सची वसाहत त्यातून उभी राहिली. चार वर्षांनी त्यांनी त्या पुस्तकाचा गुजरातीत सारांश लिहिला आणि त्याला 'सर्वोदय' असे नाव दिले. वकिलाच्या कामाची किंमत न्हाव्याच्या कामाइतकीच, आणि शेतकऱ्याचे, कारागिराचे अंगमेहनतीचे जिणे हेच खरे जगण्याजोगे जिणे, हे त्यांना त्यात सापडले. सेवाग्राम, पवनार, भूदान, वर्ध्याच्या गल्ल्यांतली आमची सगळी पोरपणाची वर्षे, यांचा एक धागा असा रेल्वेच्या डब्यातल्या त्या रात्रीपर्यंत जातो.

आजीला रस्किन कुठे राहत होता हे माहीत नव्हते. तिच्या लेखी तो आफ्रिकेतच कुठेतरी असावा. मलाही महाविद्यालयात गेल्यावर कळले, की ज्याने ते पुस्तक लिहिले त्याने १८७१ साली कॉनिस्टनच्या पूर्व काठावरचे ब्रँटवुड नावाचे घर न पाहताच पंधराशे पौंडांना विकत घेतले होते आणि १९०० साली तिथेच त्याचे प्राण गेले. त्यामुळे तुझ्या पहिल्या पत्त्यात ते नाव वाचले तेव्हा मी उठून देवासमोर उभा राहिलो होतो. हे आईलाही सांगितलेले नाही.

ब्रँटवुडच्या कोपऱ्यावरच्या त्या लहान बुरुजी खोलीत तू मला एकट्याला थोडा वेळ सोडलेस, त्याबद्दल तुझे उपकार कसे मानू? चहूकडे काचा, समोर पाणी, पाण्यापलीकडे ओल्ड मॅन. तिथे उभा राहून तो माणूस मला पहिल्यांदाच दु:खी वाटला. १८७८ नंतर त्याला वेडाचे झटके येत राहिले, आणि १८८९ नंतरची शेवटची दहाएक वर्षे त्याने जवळजवळ काही लिहिले नाही. आयुष्यभर जगाला शहाणपण सांगितलेल्या माणसाने इतकी वर्षे गप्प बसून त्या तळ्याकडे पाहत राहावे! वेस्टमिन्स्टर ॲबेत जागा देऊ केली असताना तो गावातल्या सेंट अँड्र्यूच्या आवारात पुरला गेला, कारण त्याला तसेच हवे होते. त्याच्या थडग्यावरचा हिरवट पाटीचा उंच क्रूस, चारही अंगांनी कोरलेला, मी हाताने चाचपून पाहिला. दगडाला शेवाळ्याचा मऊपणा होता आणि कोरीवकामाच्या कडा अजून बोटाला लागत होत्या. तो त्याच भागातल्या खाणीतला दगड, आणि त्याची रचना करणारा कॉलिंगवुड हा त्याचा चिटणीस; त्यानेच रस्किनच्या मृत्यूनंतर वर्षभरात गावात संग्रहालय उभे केले.

त्या संग्रहालयात मी सगळ्यात जास्त वेळ कुठे थांबलो, हे तुझ्या लक्षात आले नसेल. कापडाच्या कपाटापुढे. १८८० च्या दशकात, शेजारच्या लँगडेल दरीत, अल्बर्ट फ्लेमिंग नावाच्या रस्किनच्या चाहत्याने म्हाताऱ्या बायकांना पुन्हा चाक धरायला लावून हातकताईचे लिनन काढायला सुरुवात केली. गिरण्यांच्या इंग्लंडात, मँचेस्टरपासून काही तासांच्या अंतरावर! रस्किनच्या शवपेटीवर जे वस्त्र घातले ते केझिकच्या बायकांनी विणलेले होते आणि त्यावर जंगली गुलाब भरले होते. आपल्याकडे जवस तेलासाठी पिकते; त्याच झाडाच्या काडीतून तिकडे ते सूत निघत असे. या सगळ्याचा आणि खादीचा थेट संबंध होता असे मी म्हणणार नाही, कारण तसा पुरावा माझ्यापाशी नाही. पण त्या कपाटातल्या जाळीदार नक्षीपुढे उभा असताना मला आजीची बोटे दिसत होती, पुनीतून धागा ओढताना अंगठ्याजवळ पडलेल्या त्या घट्ट्यासह, आणि तू मागून येऊन विचारलेस, "बाबा, बसता का जरा?"

आता तुझ्या भिंतींविषयी. आईच्या माहेरी, देवरुखला, कुंपणाचे गडगे मी पाहिले आहेत, म्हणून चुन्याशिवाय रचलेल्या भिंतीचे मला नवल वाटायला नको होते, तरी वाटले. तू गुडघ्यावर बसून दाखवलेस: दोन्ही बाजूंच्या दोन कातळी फळ्या, वर जाताना आत कललेल्या, मध्ये मुठीएवढ्या दगडांची भर, आणि ठरावीक उंचीवर दोन्ही फळ्यांना बांधून ठेवणारा एक लांब आडवा दगड. दगडाची लांब बाजू भिंतीच्या पोटात जायला हवी, दर्शनी सुबक दिसावा म्हणून तो लांबट बाजूने बाहेर लावला तर भिंत काही हिवाळ्यांत पोट काढते, असे तू म्हणालीस. मग तू एक दगड उचललास, फिरवलास, पुन्हा फिरवलास, आणि तो जागेवर ठेवताच असा बसला की तुला दुसऱ्या हाताने तो दाबावाही लागला नाही. तुझ्या नखाखाली रक्त साकळले होते. ते मी पाहिले आणि काही बोललो नाही, आणि ती माझ्या आयुष्यातली फार अभिमानाची दुपार होती.

तू अभियांत्रिकीची नोकरी सोडलीस तेव्हा मी जे बोललो ते तुझ्या लक्षात असेलच, त्याची उजळणी नको. निरंजनने त्या वेळी तुझी बाजू घेतली होती, हे तू विसरू नकोस एवढेच म्हणतो. रस्किनने १८७४ साली ऑक्सफर्डच्या विद्यार्थ्यांच्या हाती फावडी देऊन त्यांच्याकडून खेड्याचा रस्ता बांधवून घ्यायला सुरुवात केली होती. रस्ता काही फार चांगला झाला नाही, पण त्या पोरांच्या जगण्यात त्याचा काहीतरी अंश उरला. अशाच त्याच्या प्रभावाखालच्या हार्डविक रॉन्स्ली आणि ऑक्टेव्हिया हिल यांनी रॉबर्ट हंटरबरोबर १८९५ साली नॅशनल ट्रस्ट काढला. तुझ्या गावाभोवतीच्या त्या लेक डिस्ट्रिक्ट प्रदेशाला १९५१ साली राष्ट्रीय उद्यान केले आणि २०१७ साली जागतिक वारशाच्या यादीत घेतले ते सांस्कृतिक भूदृश्य म्हणून, म्हणजे शेतकऱ्याच्या, मेंढपाळाच्या, भिंत रचणाऱ्याच्या हातांसकट. तुझा हात आता त्यात आहे. आपल्या घरात इतकी भाषणे झाली श्रमाच्या प्रतिष्ठेवर, आणि शेवटी प्रत्यक्षात दगड उचलला तो तू.

आणि तेच हात सकाळी गार पाण्याने आखडून घेऊन तू कामावर जातेस, हे मला समजत नाही.

मुक्ता, मी ब्लूबर्ड या वेगाच्या बोटीविषयी लिहिल्याशिवाय राहू शकत नाही. त्याच संग्रहालयाच्या दुसऱ्या दालनात, रस्किनच्या वस्तूंपासून थोड्याच पावलांवर, ती निळी बोट ठेवली आहे, गेल्या वर्षीच गावात परत आलेली. तू तिच्या इंजिनाविषयी मला समजावून सांगत होतीस, तुझ्यातली जुनी अभियंती जागी झाली होती, आणि मी मात्र भिंतीवरच्या तारखा वाचत होतो. माल्कम कॅम्पबेलने १९३९ साली याच तळ्यावर पाण्यावरच्या वेगाचा विक्रम केला. त्याच्या मुलाने, डोनाल्डने, बापाच्या मागोमाग तिथेच एकामागून एक विक्रम केले. ४ जानेवारी १९६७ रोजी सकाळी ताशी तीनशे मैलांची मर्यादा ओलांडायला तो निघाला, पहिली फेरी नीट झाली, आणि परतीच्या फेरीत बोटीचे नाक वर उचलले गेले, ती हवेत उलटली आणि पाण्यात गेली. त्याचे शिरस्त्राण आणि सोबत ठेवलेले कापडी अस्वल पाण्यावर तरंगत सापडले. तो सापडला नाही. नौदलाच्या पाणबुड्यांनी शोधले, तरीही सापडला नाही. तो सापडला २००१ साली, चौतीस वर्षांनी, आणि मग गावातल्या दफनभूमीत त्याला पुरले. अपघात झाला तेव्हा त्याची मुलगी सतरा वर्षांची होती. जे तळे आपण बोटीतून इतक्या मजेत ओलांडले त्याने एका माणसाला चौतीस वर्षे सोडले नाही, हे वाचून मी त्या दालनातून बाहेर आलो होतो, ऊन खायला नव्हे.

तू म्हणशील, तो तीनशे मैलांच्या वेगाने जात होता आणि मी काठालगत दहा मिनिटे हातपाय मारते. खरे आहे. शरूकाका तर काठालगतही नव्हता, धाम नदीच्या वळणावर गुडघाभर पाण्यात उभा होता, आणि चैत्राचे दिवस होते. तुझ्या आजीने त्यानंतर पवनारचा पूल कधी पायी ओलांडला नाही. ते मी तुला कधी सविस्तर सांगितले नाही आणि आजही सांगणार नाही.

मी वाचन केले आहे. वाचनालयातल्या संगणकावर बसून, डोळ्यांचे थेंब घालून, केले आहे. पाणी पंधरा अंशांच्या खाली असले की अंगाला बसणारा धक्का हा थंडी वाजण्यापेक्षा वेगळा असतो. पहिल्या मिनिटात श्वास आपोआप आत ओढला जातो, आणि त्या वेळी तोंड पाण्याखाली असेल तर घोटभर पाण्याने घात होतो. पट्टीचा पोहणाराही त्यातून सुटत नाही, कारण त्याचा पोहण्याच्या कौशल्याशी संबंध नसतो. श्वास सावरल्यावरही साधारण दहाच मिनिटे हातापायांवर ताबा राहतो. पुढे रक्त आतल्या अवयवांकडे वळते आणि बोटे बंद होत नाहीत. पाण्याबाहेर आल्यावरही शरीराचे तापमान काही वेळ खाली जातच राहते, म्हणून बाहेर आल्यावर बरे वाटले म्हणजे धोका टळला असे नाही. तिकडे नोव्हेंबरात आठ वाजेपर्यंत नीट उजाडत नाही आणि चार वाजता अंधार पडतो. म्हणजे तू कामापूर्वी पाण्यात उतरतेस तेव्हा झुंजुमुंजू असते. काठावरून कोणी पाहिले तरी त्याला तू दिसणार नाहीस. काठावर कोणी असते का, हाच माझा प्रश्न आहे. धक्का बसल्यास धडपड न करता पाठीवर तरंगत राहावे असे तिकडचे जीवरक्षक सांगतात. ते तुला माहीत असेलच, तरी पुन्हा वाच.

हे व्याख्यान झाले, मला कळते. आईने आताच खांद्यावरून वाचले आणि नुसती मान हलवली. क्षमा कर. मुलीला पत्र लिहायला घेतले आणि वर्गाला तास देऊन बसलो.

आईचे म्हणणे वेगळेच आहे. ती म्हणते, तुम्हाला पाण्याची भीती नाही, ती तिथे कायम झाली याची भीती आहे. मी त्यावर पुष्कळ विचार केला. तिचे निम्मे बरोबर असेल. जूनमध्ये तुझ्या घरमालकीणबाईंच्या शेतावर त्या हर्डविक मेंढ्या पाहिल्या तेव्हा ते मनात आलेच होते. पांढऱ्या तोंडाच्या, करड्या लोकरीच्या त्या मेंढ्यांची कोकरे काळीकुळकुळीत जन्मतात आणि वयाबरोबर करडी होत जातात. त्या बाई म्हणाल्या, डोंगरमाथ्यावर कुंपण नाही, तरी कळप आपली हद्द सोडून जात नाही, कारण आईबरोबर चरताना कोकरू ती हद्द शिकते आणि मग आपल्या कोकराला शिकवते. २००१ साली लाळ्या-खुरकताच्या साथीत त्या भागातले कळप मोठ्या संख्येने मारावे लागले तेव्हा खरी धास्ती हीच होती, की असा शिकलेला कळप एकदा गेला तर नव्याने आणलेल्या मेंढ्यांना डोंगर कोण शिकवणार. आई तेव्हा हसत हसत माझ्याकडे पाहून म्हणाली होती, "आपल्या कोकराने मात्र दुसऱ्याचाच डोंगर धरला." मी हसलो नाही. पण त्या दिवसापासून मी हेही मनाशी म्हणतो, की आजी, रस्किन, पवनार, चरखा हे सगळे ज्या पोरीने लहानपणी ऐकले तिने ते ऐकूनच तो डोंगर धरला असेल, तर ती आपल्या हद्दीबाहेर गेली असे मी कोणत्या तोंडाने म्हणू?

म्हणून परत ये असे मी लिहिणार नाही. कायमच्या नोकरीबद्दल तुझे अभिनंदन, जे रविवारी करायचे राहिले. पगार किती, घरभाडे किती, तब्येतीचा विमा तिकडे लागतो की नाही, ते निरंजनला सविस्तर कळव, मला कळवलेस तर मी रुपयांत हिशेब करीत बसेन. डोंगरावर एकटी कामाला जाशील तेव्हा कोणत्या बाजूला जातेस ते कोणाला तरी सांगून जा. तिकडचे डोंगरातले शोधपथक सगळे स्वयंसेवकांचे आहे, ती माणसे आपली कामे आणि अंथरुणे सोडून रात्री-अपरात्री बाहेर पडतात, त्यांना विनाकारण बाहेर काढू नये. आणि पोहणे सोड असेही मी म्हणणार नाही, कारण तू सोडणार नाहीस आणि मग मला सांगणेही बंद करशील, जे मला मुळीच नको आहे. माझी एकच अट आहे. काठावर एक माणूस हवा. टॉवेल घेऊन उभा राहणारा, उजेड असताना, आणि तू पाण्यात असेपर्यंत तुझ्याकडे पाहणारा. असा माणूस मिळेपर्यंत पाण्यात उतरू नकोस. मिळाला की त्याचे किंवा तिचे नाव मला कळव. दोघेजण असतील तर दोघांची कळव.

कुसुमआत्याचे डोळ्याचे ऑपरेशन पुढल्या सोमवारी ठरले आहे, काळजीचे कारण नाही. आईचा गुडघा थंडीने पुन्हा धरला आहे पण ती कबूल करीत नाही, तेव्हा फोनवर तू विचारलेस तर बरे होईल. तुझ्यासाठी तिने जवसाची चटणी आणि तिळाच्या वड्या करून ठेवल्या आहेत. कुरियरवाला म्हणतो, खाण्याच्या वस्तूंचा वेगळा कागद भरावा लागतो, तो उद्या भरतो. सोबत आजीची जाड खादीची चादर पाठवतो आहे, ती पाण्यातून बाहेर आल्यावर अंगाभोवती घेण्यासाठी. धुताना गरम पाणी वापरू नकोस, रंग जातो. पार्सल मिळाल्याचे कळव, आणि त्याच पत्रात ते नावही लिही.

तुझा,
बाबा